दर्शन की देखावा?

गेल्या आषाढीच्या वाटेवर, दुपारच्या विसाव्याला एका वृद्ध माळकऱ्याने मला एक प्रश्न विचारला. मी धाकट्या मुलाकडे रोमला जाऊन आलो, हे त्याच्या कानावर गेले होते. तो म्हणाला, “महाराज, तुम्ही म्हणे तिकीट काढून जमिनीखालची मढ्यांची घरं पाहून आलात. खरं का? मेलेल्या माणसाला पैसे देऊन पाहायचं, हे पुण्य की पाप?”

मी हसून वेळ मारून नेली. पण प्रश्न काही जाईना. पंढरपुरी पोहोचलो, परत घरी आलो, तरी तो मागे होताच. त्याचे उत्तर देणे भाग आहे. आणि ते देताना माझ्या हातून घडलेली एक चूकही सांगणे भाग आहे. ती झाकून उत्तर दिले तर ते उत्तर खोटे होईल.

आधी स्थळ सांगतो. रोम शहराच्या वेशीबाहेर अप्पिया नावाचा फार जुना फरसबंदी रस्ता आहे. शहराच्या हद्दीत प्रेत पुरू नये, जाळू नये, असा रोमन लोकांचा प्राचीन कायदा होता. म्हणून थडगी सगळी वेशीबाहेर, रस्त्यांच्या कडेला. तिथली जमीन ज्वालामुखीच्या राखेच्या मऊ दगडाची. कुदळीने सहज खणता येते, आणि वारा लागला की टणक होते. दुसऱ्या शतकापासून ख्रिस्ती लोकांनी या दगडात भुयारे खणून आपले मृत ठेवायला सुरुवात केली. यहुदी लोकांचीही अशी भुयारे तिथे आहेत. जागा कमी पडली की खाली आणखी एक मजला खणायचा. अशी साठांहून अधिक भुयारे रोमभोवती सापडली आहेत. त्यांना कॅटाकोंब म्हणतात.

मी पाहिले ते संत कॅलिक्स्टसचे. चार मजले, वीस मीटरांहून अधिक खोल, आणि गल्ल्यांची लांबी सुमारे २० किलोमीटर. एकट्याने आत जाता येत नाही, वाटाड्या लागतो. भाषेप्रमाणे माणसांचे गट करतात. आमच्या गटाला एक वयस्कर, सौम्य गृहस्थ मिळाले. ते सावकाश इंग्रजीत सांगत होते.

पायऱ्या उतरलो तसा बाहेरचा उन्हाळा वरच राहिला. आत बाराही महिने सारखाच गारवा. गल्ली एवढी अरुंद की दोन्ही हात पसरता येत नाहीत. आणि दोन्ही बाजूंना, पायापासून डोक्याच्या वरपर्यंत, माणसाच्या लांबीचे कोनाडे. कापडात गुंडाळलेले प्रेत कोनाड्यात ठेवायचे, आणि पुढे कौले किंवा संगमरवराची फळी चुन्याने बसवून तोंड बंद करायचे. श्रीमंताच्या फळीवर नाव. गरिबाच्या चुन्यात ओळखीसाठी एखादे नाणे, नाहीतर काचेच्या भांड्याचा बूड दाबून बसवलेला. लेकराच्या कोनाड्याशी कधी हाडाची बाहुली. हातभर लांबीचे कोनाडे मी मोजू लागलो आणि मग मोजणे सोडून दिले. आता पाहणाऱ्यांच्या वाटेवरचे कोनाडे बहुतेक रिकामे आहेत.

पुष्कळांची अशी समजूत असते, माझीही होती, की छळाच्या काळात ख्रिस्ती लोक या भुयारांत लपून राहत. वाटाड्याने ती पहिल्यांदाच मोडली. ही राहायची जागा नव्हे. इथे लोक आपली माणसे ठेवायला येत, आणि त्यांच्या पुण्यतिथीला प्रार्थनेला येत. “ठेवायला” हा शब्द मी मुद्दाम वापरतो. थडग्यावरच्या लॅटिन लेखात “ठेव म्हणून ठेवला” अशा अर्थाचा शब्द फार ठिकाणी येतो. पुरला, टाकला असे नाही. ठेव म्हणजे परत घ्यायची वस्तू. आपल्याजवळ सांभाळायला दिलेली, आपल्या मालकीची नव्हे. सज्जनहो, हा शब्द ध्यानात ठेवा. पुढे त्याचे काम आहे.

आता मूळ शंकेकडे वळू. मृतांच्या घरी दर्शनाला जाणे ही आजच्या सहली काढणाऱ्यांची युक्ती नाही. पुढे मोठा पंडित झालेला जेरोम चौथ्या शतकात विद्यार्थी म्हणून रोममध्ये होता. दर रविवारी तो सोबत्यांना घेऊन या भुयारांत उतरे, आणि तिथल्या काळोखाची आठवण त्याने म्हातारपणी लिहून ठेवली. त्याच शतकात पोप डमासस याने जिने बांधले, वाटा रुंद केल्या, हुतात्म्यांच्या थडग्यांवर लेख कोरविले. म्हणजे वाट, जिना आणि माहिती, सगळी व्यवस्था तेव्हाचीच. तेव्हा जाणे हे पाप नव्हे. मग पाप कुठे आहे?

ते पाहण्यात नाही, हव्यासात आहे. आणि गंमत अशी की तिथला सगळ्यात मोठा हव्यास नास्तिकांचा नव्हता, भक्तांचा होता. हुतात्म्याच्या जवळ आपला देह असावा, असे प्रत्येकाला वाटू लागले. मग थडग्यामागची भिंत फोडून नवे कोनाडे खणले. भिंतीवर आधीच्यांनी काढलेली चित्रे होती. त्या चित्रांच्या छातीतून कुदळी गेल्या. नवव्या शतकापर्यंत मोठ्या संतांची हाडे शहरातल्या देवळांत नेली, आणि भुयारे विस्मरणात गेली. १५७८ साली मजुरांना एक भुयार अचानक लागले, आणि पुढच्या काळात निनावी हाडे काढून, त्यांना संतांची नावे देऊन, दागिन्यांनी मढवून दूरदूरच्या देवळांत पाठवण्यात आली. कोणाची हाडे ती? कोणा भटारखान्यातल्या मजुराची, कोणा बाळंतिणीची? ज्याने नेली त्याने विचारले नाही. नेणारा भाविक होता ना!

आंतोनियो बोझिओ नावाच्या विद्वानाची गोष्ट घ्या. भुयारांच्या शोधाला त्याने आयुष्य वाहिले. १५९३ साली तो दोमितिलाच्या भुयारात वाट चुकला. दिवे संपत आले. तेव्हा त्याला भीती वाटली ती ही, की आपण इथेच मेलो तर आपल्या पापी देहाने ही पवित्र जागा विटाळेल. केवढी नम्रता! आणि त्याच दोमितिलात, २०१७ साली एका खोलीचे छत स्वच्छ करून लोकांपुढे आले, तर जुन्या चित्रावर कोळशाने मोठ्या अक्षरांत काय लिहिलेले? बोझिओ! स्वतःचे नाव! तो मनुष्य ढोंगी होता असे मी म्हणत नाही. नम्रता खरी होती आणि नावही त्याचेच होते. एकाच माणसात दोन्ही राहतात, एवढेच मला सांगायचे आहे.

आता माझी गोष्ट. आमच्या गटात दोन तरुण पोरे होती. सारखी कुजबुजत, हसत. मला राग येत होता. मनात म्हटलं, हे देखावा पाहायला आलेत, मी दर्शनाला आलो आहे. पुढे एक खोली लागली. तिसऱ्या शतकातल्या नऊ पोपांची थडगी तिथे होती. दे रोस्सी नावाच्या संशोधकाने १८५४ साली ती शोधून काढली. मी हात जोडले. आणि बाहेर पडताना एका रिकाम्या कोनाड्याच्या तळाशी चुन्याचा लहानसा तुकडा पडलेला दिसला, तो उचलून मुठीत धरला. आपल्या अंगात सवय आहे. पवित्र जागेची माती कपाळी लावावी, पुडी बांधून घरी न्यावी.

जिन्याशी मुलगा म्हणाला, “दादा, मुठीत काय आहे?” मी म्हणालो, “काही नाही रे, माती.” वाटाड्या पाठीमागेच होता. त्याने हात पुढे केला नाही, आवाज चढवला नाही. एवढंच म्हणाला, “तो कोनाडा कोणाचा, आम्हाला ठाऊक नाही. नाव गेलं, हाडं गेली. त्याच्या माणसांनी हाताने लावलेला चुना तेवढा राहिला. तोही नेता?”

माझ्याने पाऊल उचलवेना. मग तो मला परत घेऊन गेला, आणि तुकडा मी होता तिथे ठेवला. ती हसणारी पोरे केव्हाच रिकाम्या हातांनी वर गेली होती. चोर मी होतो, आणि माळ माझ्या गळ्यात होती.

कोणी म्हणेल, एका खड्याने काय होते? रोज शेकडो माणसे उतरतात. प्रत्येकाच्या श्वासाने भिंती ओलावतात, दिव्यांच्या उजेडाने त्यांवर शेवाळ धरते. प्रत्येकाचे थोडेसे मिळूनच नाश होतो. मग बंदच का करू नये? शंका रास्त आहे. पण बंद केले की मनुष्य विसरतो, आणि विसरलेल्या जागेला राखणदार राहत नाही, लुटारू येतात. १५७८ नंतर हेच झाले. म्हणून वाट ठरलेली, वेळ ठरलेली, वाटाड्या सोबत, ही मर्यादाच बरी.

या बाबतीत मला डमाससच गुरू वाटतो. नऊ पोपांच्या त्या खोलीत त्याचा एक लेख आहे. त्याचा आशय असा, की इथेच देह ठेवावा असे मला वाटत होते, पण थोरांच्या अस्थींना धक्का लागेल म्हणून मी भ्यालो. त्याला अडवणारे कोण होते? जागा त्याच्या हातात, कुदळी त्याच्या हुकमात. तरी तो दूर, आई आणि बहिणीजवळ निजला. जवळ जाण्याचा अधिकार असून जो अंतर राखतो, त्याची भक्ती मोठी.

आपल्याला हे नवे नाही. आळंदीस आपण समाधीवर मस्तक ठेवतो. शिळा काढून आतले दाखवा, असे कोणी म्हणत नाही. नाथमहाराज आत उतरले, असे आपली परंपरा सांगते; पण ते पाहायला नव्हे. माउलींच्या गळ्याला लागलेली अजानवृक्षाची मुळी सोडवायला उतरले, आणि काम होताच बाहेर आले. आत जाणे तेच. हेतूने त्याची सेवा झाली.

तेव्हा त्या वृद्ध माळकऱ्याला माझे उत्तर असे. तिकीट काढल्याने पाप होत नाही आणि हात जोडल्याने पुण्य होत नाही. बाहेर येताना आपली मूठ उघडून पाहावी. रिकामी असेल तर दर्शन झाले. काही नेले असेल, मग ती माती असो, नाव कोरल्याचे समाधान असो, की शेजारच्यापेक्षा मी भाविक हा अभिमान असो, तर तो देखावाच झाला. ठेव दुसऱ्याची आहे. ती पाहून, नमस्कार करून, तशीच ठेवून यावी.

यंदाच्या वारीत ते बाबा भेटले तर हे सगळे त्यांना सांगेन. खड्याची गोष्ट आधी सांगेन.