साक्ष द्यायची कोणासाठी?

१६ ऑगस्ट १९४२ रोजी वर्धा जिल्ह्यातील आष्टी येथे ‘भारत छोडो’ आंदोलनातील लोक पोलीस ठाण्यावर तिरंगा फडकवण्यासाठी गेले. पोलिसांनी गोळीबार केला. आंदोलक शहीद झाले. त्यांत नवाब रशीद खान हेही होते. मग संतप्त जमावाने पोलिसांना ठार मारले. सत्तेने त्याला दंगल म्हटले, जनतेने क्रांती.

हा प्रसंग आपल्या मुलांना कसा सांगाल? केवळ पोलिसांचेच मृत्यू सांगितले, तर ती सत्तेची भाषा झाली. ते मृत्यू गाळले, तर साक्ष लपवली. आणि ‘दोष दोघांचाही सारखाच’ म्हणून हात झटकले, तर परकी सत्ता व तिला विरोध करणारी निःशस्त्र जनता यांतला भेदच पुसला जातो. याला तटस्थता म्हणता येईल, न्याय नव्हे.

सूरह अन्-निसामध्ये आदेश आहे, की साक्ष अल्लाहसाठी द्यावी, मग ती स्वतःविरुद्ध वा आईवडिलांविरुद्ध का असेना. सूरह अल-माइदा बजावते, की कोणाच्या वैरापायी न्याय सोडू नये. अर्थात अत्याचारी कोण हे स्पष्ट सांगावे. पण आपल्या बाजूने सांडलेले रक्तही मोजावे.

आज दूरच्या युद्धांच्या चित्रफिती आपल्या मोबाइलवर येतात. बातमीची शहानिशा करा, ही सूरह अल-हुजुरातची ताकीद तेव्हा आठवते का? पुढे पाठवणारे प्रत्येक बोट साक्षीदार आहे, आणि साक्षीचा हिशेब द्यायचा आहे.