बीज की क्षेत्र? सर्व्हिसबेरीची साक्ष

बीज थोर की क्षेत्र, हा वाद मनुस्मृतीच्या नवव्या अध्यायात आला आहे. एकाच शेतात निरनिराळी बीजे पेरली तरी प्रत्येक बीज आपल्याच गुणाने उगवते, म्हणून बीज थोर, असा त्यातला एक पक्ष. वाद अर्थातच शेतीचा नाही. पुरुष म्हणजे बीज, स्त्री म्हणजे क्षेत्र असे धरून मूल कोणाचे, हे तिथे ठरवायचे आहे. आणि बीजाची एवढी थोरवी गाऊनही, परक्याच्या शेतात पेरले तर पीक शेताच्या मालकाचे, असा निवाडा पुढे येतोच. खटला जुना झाला, पण त्यामागचा प्रश्न उरला. सजीवाचा स्वभाव त्याच्या आत असतो, की तो ज्या भूमीत वाढतो तिच्यात?

या प्रश्नाला सर्व्हिसबेरीइतका चांगला साक्षीदार क्वचितच मिळेल. गुलाबाच्या कुळातले, सफरचंदाच्या नात्यातले हे झाड मुख्यतः उत्तर अमेरिकेचे. मराठीत त्याला नाव नाही. वसंतात पांढरी फुले, मग जांभळट काळी, वाटाण्याएवढी गोड फळे. इंग्रजीत त्याला नावे मात्र अनेक, आणि बहुतेक भूमीने दिलेली. ईशान्येकडच्या नद्यांत शॅड मासे चढतात तेव्हा फुलते म्हणून शॅडबुश. जूनमध्ये पिकते म्हणून जूनबेरी, जरी कॅनडाच्या गवताळ प्रदेशात फळ हाती येते ते जुलैत. तिथले सास्काटून हे नाव क्री भाषेतून आले, आणि त्या फळावरून एका शहराचे नावही पडले. बर्फ वितळून जमीन मऊ झाल्यावर अंत्यविधी होत आणि तेव्हाच झाड फुले, म्हणून त्या प्रार्थनेच्या ‘सर्व्हिस’वरून झाडाचे नाव पडले, अशी एक लोककथा सांगतात. कथा गोड आहे, पण शब्द त्याहून जुना, ‘सॉर्बस’ या लॅटिन नावापर्यंत जाणारा.

नावे भूमीची, आणि झाडही वाटेल त्या भूमीत रुजत नाही. सास्काटूनचे झुडूप हिवाळ्यातल्या निद्रेत उणे ४० अंशांची थंडी सोसते, पण उमललेले फूल शून्याखालच्या दोन-चार अंशांतच करपते. ही निद्रा मोडायलाही थंडीच लागते. पुरेसा गारठा न मिळाल्यास कळ्या उशिरा आणि वेड्यावाकड्या फुटतात. बीदेखील काही महिने ओल्या थंडीत राहिल्याशिवाय उगवत नाही. म्हणून दमट, उष्ण दक्षिणेकडे सास्काटून नेण्यापेक्षा मेक्सिकोच्या आखाताजवळच्या राज्यांपर्यंत मुळातच पोचलेली आर्बोरिया ही जात लावणे शहाणपणाचे. पाणथळ पूर्व किनाऱ्याला कॅनडेन्सिस, कोरड्या पश्चिमेला युटाहेन्सिस. दमट हवेत भुरी त्रास देते, आणि जवळ जुनिपर असेल तर तांबेराही, कारण त्या बुरशीला आयुष्य पुरे करायला दोन्ही झाडे लागतात.

इथे बीजवादी म्हणेल, जिंकलो: जात बदलली तरच झाड जगते. पण बीजात नेमके काय आहे ते पाहावे. त्यात अमुक महिने थंडी हवी, ही मागणी आहे. म्हणजे क्षेत्राचीच आठवण बीजात मुरलेली आहे. पिढ्यान्‌पिढ्या ज्या हिवाळ्यांनी चुकार रोपे मारली, त्यांनीच ही मागणी घडवली. ‘खाण तशी माती’ ही म्हण म्हणूनच अर्धीच खरी.

याची कसोटी क्लॉसेन, केक आणि हीसी या तीन संशोधकांनी कॅलिफोर्नियात दुसऱ्या वनस्पतींवर घेतली. एकाच रोपाचे तुकडे करून त्यांनी ते समुद्रसपाटीजवळ स्टॅनफर्डला, सुमारे १४०० मीटरवर मॅदरला आणि ३००० मीटरवर वृक्षरेषेशी लावले. बीज एकच, क्षेत्रे तीन. उंची, फुलण्याचा काळ जागेप्रमाणे बदलला. पण किनाऱ्याचे रोप डोंगरी झाले नाही, वृक्षरेषेशी तर ते तगलेही नाही. १९४० साली प्रसिद्ध झालेल्या या कामानंतर ‘बीज की क्षेत्र’ मधला ‘की’ टिकवणे कठीण आहे.

सर्व्हिसबेरी मनूच्या रूपकाला आणखी खोल धक्का देते. तिच्या अनेक जातींत गर्भ फलनाशिवाय, आईच्याच पेशींतून तयार होतो. पराग लागतो तो बहुधा बीजातला अन्नसाठा तयार होण्यापुरता. रोप आईची हुबेहूब प्रत असते. पुरुष बीज आणि स्त्री क्षेत्र, ही वाटणी इथे सपशेल कोसळते: क्षेत्रानेच बीज दिले. त्यातच संकर सहज होतात आणि संकरांच्याही अशाच प्रती निघत राहतात, त्यामुळे जाती किती, यावर वनस्पतिशास्त्रज्ञांचे एकमत नाही. साधारण वीस हा आकडा अनेकांना मान्य. जाती ही वस्तूत खरोखर असते असे न्यायदर्शनाचे अनुयायी नैयायिक मानत, तर शब्द फक्त इतरांपासून वेगळेपण दाखवतो असे बौद्ध तर्कज्ञ दिङ्‌नाग म्हणे. या झाडापुढे दिङ्‌नागाचे पारडे जड वाटते.

लामार्की ही जात तर या सगळ्यावर कडी करते. अमेरिकन पूर्वजांच्या संकरातून ती आली असावी, पण तिचे मूळ रान अमेरिकेत निश्चित सापडलेले नाही. १९६८ साली तिला आजचे नाव मिळाले, तोवर ती पश्चिम युरोपच्या रेताड जमिनींत कधीच स्थिरावली होती. नेदरलँड्समध्ये पक्षी तिचे बी पसरवतात, आणि तिचे डच नाव ‘मनुकांचे छोटे झाड’ असे आहे.