फिट्झरॉयचा शब्द

पावसाळा तोंडावर आला आणि रत्नागिरीच्या बंदरावर तीन नंबरचा बावटा चढला, की जाणता तांडेल होडी पाण्यात लोटीत नाही, आणि दर्यात गेलेला असेल तर मिळेल त्या खाडीत शिरतो. हा बावटा दिसला म्हणजे मला हटकून रॉबर्ट फिट्झरॉयची आठवण होते. डार्विनला ज्या ‘बीगल’ जहाजाने पृथ्वीप्रदक्षिणा घडविली त्याचा कप्तान, एवढीच त्याची ओळख आपल्याकडे आहे; परंतु तो पुढे न्यूझीलंडचा गव्हर्नर झाला, आणि उतारवयात इंग्लंडच्या बंदरांना वादळाची आगाऊ वर्दी देणारी व्यवस्थाही त्यानेच उभारली. श्रद्धावान मनुष्याने स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलेले आणि धर्मग्रंथाने सांगितलेले यांत विरोध आला असता कोणाची साक्ष ग्राह्य धरावी, हा प्रश्न पुष्कळांनी चर्चिला. पण तो ज्यांनी जन्मभर अंगावर वागविला अशा थोड्यांपैकी फिट्झरॉय एक होता.

१८३० साली दक्षिण अमेरिकेच्या टोकाशी असलेल्या टिएरा देल फ्वेगोच्या किनाऱ्यावरून त्याने तेथील चार माणसे इंग्लंडात आणली. त्यांना शिकवून परत पोचवीन, असे त्याने मनाशी आणि वरिष्ठांशी बोलून ठेवले होते. एक जण देवीच्या रोगाने दगावला. उरलेल्या तिघांना परत नेण्याची आरमार कचेरीला निकड वाटेना, तेव्हा त्याने पदरच्या पैशाने जहाज भाड्याने ठरविले. पुढे हुकूम फिरला आणि ‘बीगल’च निघाली. या माणसांना त्यांच्या मुलखातून उचलणे हाच मुळी अन्याय होता, असे मी मानतो. पण एकदा दिलेला शब्द आपल्या खर्चाने पाळण्याची ही त्याची तऱ्हा लक्षात ठेवावी, कारण त्याच्या साऱ्या आयुष्याची किल्ली तीत आहे.

डार्विन बरोबर असलेल्या याच सफरीत पातागोनियाची गोट्यांनी भरलेली अफाट मैदाने पाहून, चाळीस दिवसांच्या जलप्रलयाने हे घडणे शक्य नाही, असे उद्गार त्याने एका मित्रापाशी काढले होते. पुढे २० फेब्रुवारी १८३५ रोजी चिलीतील कोन्सेप्सिओन शहर भूकंपाने जमीनदोस्त झाले, आणि फिट्झरॉयने जवळच्या सांता मारिया बेटावर जाऊन किनारा बारकाईने मोजला. कोकणात ज्यांना शिनाणे म्हणतात तसले शिंपले खडकाला चिकटलेले होते, पण भरतीच्या रेषेच्या दहा फूट वर, उन्हात सडत. समुद्र खाली गेला नव्हता. भूमीच वर आली होती. डार्विनने या मापाचा आधार घेऊन, पर्वत अशाच लहानलहान धक्क्यांनी अगणित काळात उभे राहिले असले पाहिजेत, असे अनुमान बांधले. फिट्झरॉयने मात्र १८३९ साली प्रसिद्ध केलेल्या सफरीच्या वृत्तांतात जलप्रलयावर एक स्वतंत्र प्रकरण घातले, आपल्या जुन्या उद्गाराची कबुली जाहीरपणे दिली, आणि तरुणांनी आपल्यासारखे वाहवत जाऊ नये म्हणून बायबलमधील हकिकत अक्षरशः खरी असल्याचे प्रतिपादन केले. मापे तीच राहिली. मापणाऱ्याने साक्षीदार बदलला.

एवढ्यावरून त्याला हटवादी ठरवून मोकळे होणे सोपे आहे. परंतु मग न्यूझीलंडमधील त्याच्या कारभाराचा उलगडा होत नाही. तो डिसेंबर १८४३ मध्ये तेथे पोचला, त्यापूर्वी सहा महिने वाइराऊच्या खोऱ्यात रक्तपात झाला होता. जमीन विकत घेतल्याचा न्यूझीलंड कंपनीचा दावा निकालात निघाला नसताना तिचे मोजणीदार तेथे शिरले, तेव्हा माओरी सरदार ते राउपाराहा याच्या लोकांनी मोजणीदारांचे सामान आधी काळजीपूर्वक बाहेर काढून दिले आणि मगच झोपड्या पेटविल्या, कारण झोपडीचे लाकूड व गवत आपल्या भूमीचे, सामान तेवढे परक्याचे, असा त्यांचा हिशेब होता. ते राउपाराहाला पकडण्याकरिता गोऱ्यांचा हत्यारबंद जमाव गेला, गोळी सुटली, ते रांगिहायएटा या सरदाराची पत्नी ठार झाली, आणि तिच्या सुडापायी शरण आलेल्या गोऱ्यांनाही कापून काढण्यात आले. बावीस युरोपीय मेले. त्यांत आर्थर वेकफील्ड हा आरमाराचाच कप्तान होता.

वसाहतवाल्यांना बदला हवा होता. फेब्रुवारी १८४४ मध्ये फिट्झरॉय वाइकानाए येथे शेकडो माओरींच्या सभेत गेला, त्याने ते राउपाराहाची कैफियत शेवटपर्यंत ऐकून घेतली, काही वेळ तो स्तब्ध बसला, आणि मग त्याने निवाडा दिला: पहिली आगळीक इंग्रजांची, ज्या जमिनीचा हक्क शाबीत नाही तिच्यावर घरे बांधण्याचा त्यांना अधिकार नव्हता, शरणागतांना मारलेत हा तुमचा घोर अपराध, तथापि मी सूड घेणार नाही. राज्यकर्त्याने स्वजातीच्या विरुद्ध, तिचेच रक्त ओले असताना, असा निकाल देणे ही वसाहतींच्या इतिहासात विरळा गोष्ट आहे, आणि मला तरी ती त्याच्या धर्मनिष्ठेवाचून समजत नाही. पुढचे थोडक्यात सांगण्यासारखे आहे: तिजोरीत खडखडाट होता, त्याने रोखे काढले, जकात उठविली, माओरी सरदार होने हेके याने कोरोरारेकाची इंग्रजांची निशाणकाठी एकंदर चार वेळा तोडली, आणि १८४५ साली विलायत सरकारने त्याला माघारी बोलाविले.

ज्याला वाइकानाएला न्याय दिसला, त्याला सांता मारियाच्या शिंपल्यांची साक्ष का पटू नये? माझ्या मते दोन्हींच्या मुळाशी एकच वृत्ती आहे. शब्द मोडता येत नाही, मग तो आपण दिलेला असो, राणीच्या नावाने माओरींना त्यांच्या जमिनीविषयी दिलेला असो, वा ईश्वराचा म्हणून ग्रंथात लिहिलेला असो, ही त्याची धारणा होती. दिलेला शब्द पाळावा लागतो आणि सांगितलेला शब्द पारखावा लागतो, हा भेद त्याच्या निष्ठेला कधी करता आला नाही. आणि ज्या निष्ठेने त्याला इतके न्यायी केले तिच्यात हा भेद मागाहून घातला असता तर ती तशीच टिकली असती का, हे सांगण्याचे धाडस मला होत नाही.

नवल असे की आकाशाच्या बाबतीत हाच मनुष्य विलक्षण विनयशील होता. १८५४ पासून तो हवामान खात्याचा प्रमुख होता. १८५९ च्या ऑक्टोबरात ‘रॉयल चार्टर’ जहाज शेकडो माणसांसह बुडाल्यावर त्याने तारायंत्राने बंदरोबंदरी इशारे देण्याचा प्रघात पाडला आणि १ ऑगस्ट १८६१ पासून ‘टाइम्स’मध्ये उद्याचे हवामान छापविले. ही भविष्यवाणी नव्हे, गणिताने काढलेले मत आहे, असे तो पुनःपुन्हा बजावी. उद्याविषयी ‘मत’ हा शब्द त्याला सहज सुचत असे. सृष्टीच्या आरंभाविषयी तो त्याच्या तोंडी येईना. ३० जून १८६० रोजी ऑक्सफर्डला डार्विनच्या उत्क्रांतीविषयीच्या मताची चर्चा रंगात आली असता तो भर सभेत बायबल हातात उंच धरून उभा राहिला. तेथे तो आला होता तो ब्रिटनच्या वादळांवरील निबंध वाचण्यासाठी.

३० एप्रिल १८६५ हा रविवार होता. सकाळी, प्रार्थनेला जाण्यापूर्वी, त्याने आपल्या खोलीचे दार आतून लावून घेतले आणि वस्तऱ्याने जीवनाचा अंत केला. घरची मिळकत सफरींत आणि सरकारी कामांत केव्हाच खर्ची पडली होती. त्याच्यामागे नेमलेल्या चौकशी समितीने त्याचे अंदाज शास्त्रशुद्ध नसल्याचा अभिप्राय दिला, आणि १८६६ च्या अखेरीस बंदरांवरचे इशारेही थांबले. दर्यावर पोट असणाऱ्यांनी गाऱ्हाणी मांडली, तेव्हा वर्ष-सव्वा वर्षात ते पुन्हा सुरू करावे लागले.