पूर्वजांचे देणे

जो माणूस दीड-पावणेदोनशे वर्षांपूर्वी मरण पावला, त्याच्या कृत्याबद्दल आज जिवंत असलेल्या माणसाने क्षमा मागावी काय? आणि मागितलीच, तर ती कोणापाशी? ज्याच्यावर अन्याय झाला तोही केव्हाच मातीला मिळाला आहे. वरवर पाहता हा प्रश्न तर्कशास्त्राच्या वर्गात शोभणारा वाटतो. परंतु अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांत तो गेली कित्येक वर्षे न्यायालयांत, विद्यापीठांत, चर्चच्या आवारात आणि सामान्य कुटुंबांच्या घरांत विचारला जात आहे. तेथे मिळालेली उत्तरे एकमेकांशी भांडणारी आहेत. तरीही त्या भांडणातून आपण सर्वांनीच मनन करावे असे काही हाती लागते, असे आम्हांला वाटते.

अमेरिकेच्या राज्यघटनेचा पहिला शब्द 'आम्ही' असा आहे. फिलाडेल्फिया येथे १७८७ साली ३९ प्रतिनिधींनी तिच्यावर सह्या केल्या. राजाच्या नावाने नव्हे, देवाच्या नावानेही नव्हे, तर लोकांच्या नावाने स्थापन झालेले हे राज्य होते आणि म्हणूनच जगाला त्याचे अप्रूप वाटले. मात्र त्याच घटनेने प्रतिनिधित्वासाठी लोकसंख्या मोजताना गुलामांची संख्या तीन-पंचमांश धरली. विशेष असे की 'गुलाम' हा शब्द त्या मूळ मसुद्यात कोठेही आढळत नाही. जे करीत आहोत त्याचे नाव घ्यावयास जीभ रेटू नये, यातच मनाची साक्ष उघड होते. पुढे १८६५ साली गुलामगिरी घटनेने नष्ट झाली, १८६८ साली कृष्णवर्णीयांचे नागरिकत्व मान्य झाले, १९२० साली स्त्रियांच्या मताधिकारास घटनेची मान्यता मिळाली, १९२४ साली मूळच्या रहिवाशांना त्यांच्याच भूमीत नागरिक म्हणून स्वीकारण्यात आले आणि १९६५ साली कृष्णवर्णीयांच्या मताधिकाराला कायद्याचे खरे संरक्षण लाभले. अमेरिकेचा इतिहास म्हणजे या 'आम्ही' शब्दाचा हळूहळू, रक्त सांडून झालेला विस्तार होय, असे म्हटल्यास ते चूक ठरणार नाही.

या देशाकडे पाहावे कसे, याचा धडा मराठी वाचकाला फार पूर्वी मिळालेला आहे. पंडिता रमाबाई १८८६ साली आनंदीबाई जोशी यांच्या पदवीदान समारंभासाठी अमेरिकेत गेल्या, सुमारे पावणेतीन वर्षे तेथे हिंडल्या आणि परतल्यावर १८८९ साली त्यांनी आपला ग्रंथ प्रसिद्ध केला. त्याच्या नावात त्यांनी 'लोकस्थिती' हा शब्द योजला. राष्ट्राध्यक्षांची चरित्रे वा लढायांच्या तारखा यांपेक्षा लोक कसे राहतात, कसे शिकतात, कसे एकत्र येतात, हे त्यांना महत्त्वाचे वाटले. त्या समाजाचा त्यांनी मनापासून गौरव केला. पण तेथील वर्णभेद आणि मूळ रहिवाशांवरील अन्याय त्यांनी नजरेआड केला नाही. प्रेम आणि परखडपणा एकाच लेखणीत नांदू शकतात, हे त्यांनी दाखवून दिले.

आता ज्या घटनेमुळे आम्ही हा विषय हाती घेतला तिच्याकडे वळू. ती आपल्या ख्रिस्तसभेच्याच अंगणातील आहे. मेरीलँड प्रांतातील येशूसंघीय धर्मगुरूंच्या मालकीची मोठमोठी शेते होती आणि त्या शेतांवर गुलाम राबत. शेतांचे उत्पन्न संघाच्या कार्यास लागे. १८३० च्या दशकात शेती तोट्यात गेली होती आणि जॉर्जटाउन येथील महाविद्यालय कर्जात होते. १८३८ साली प्रांताधिकारी थॉमस मुलेडी यांनी २७२ स्त्री-पुरुष व मुले यांची लुईझियानातील मळेवाल्यांना विक्री करण्याचा करार केला. किंमत ठरली १,१५,००० डॉलर. रोममधील संघप्रमुखांनी अटी घातल्या होत्या : कुटुंबे तोडू नयेत, या लोकांना आपला धर्म पाळता यावा, आणि पैसा कर्जफेडीस वापरू नये. अटी मोडल्या गेल्या. कुटुंबे विखुरली, आणि विक्रीच्या रकमेचा एक भाग महाविद्यालयाच्या कर्जात गेला. हे विकले गेलेले लोक परधर्मीय नव्हते. त्यांचा स्नानसंस्कार झालेला होता. ज्या हातांनी त्यांच्या मस्तकावर पाणी ओतले त्याच संघाच्या हातांनी त्यांच्या विक्रीच्या कागदावर सही केली. पुढल्याच वर्षी, १८३९ च्या डिसेंबरात, पोप सोळावे ग्रेगरी यांनी गुलामांच्या व्यापाराचा निषेध करणारे पत्र काढले. या २७२ जणांसाठी ते उशिरा आले.

हा व्यवहार कधी पूर्णपणे गुप्त नव्हता. कागद अभिलेखागारात होते आणि अभ्यासकांना ठाऊकही होते. पण ठाऊक असणे निराळे आणि मनाला लागणे निराळे. २०१५ साली जॉर्जटाउन विद्यापीठातील विद्यार्थ्यांनी, मुलेडी यांच्या नावाची इमारत आपल्या आवारात का असावी, असा प्रश्न केला. त्याच सुमारास वंशजांचा शोध सुरू झाला. लुईझियानातील मॅरिंग्विन नावाच्या एका लहानशा गावात विकल्या गेलेल्यांचे वंशज अजून राहत होते, आणि त्यांतील अनेकजण अजूनही कॅथोलिक होते. ज्या श्रद्धेच्या रक्षकांनी पूर्वजांना विकले, ती श्रद्धा त्या कुटुंबांनी पिढ्यान्‌पिढ्या जपली होती. या एका वस्तुस्थितीपुढे पुष्कळसे पांडित्य फिके पडते.

१८ एप्रिल २०१७ रोजी जॉर्जटाउन येथे प्रार्थनाविधी झाला. वंशज उपस्थित होते. येशूसंघाच्या वतीने त्यांच्यासमोर क्षमा मागण्यात आली. मुलेडी यांचे नाव गेलेल्या त्या इमारतीला आयझॅक हॉकिन्स यांचे नाव देण्यात आले. विक्रीच्या कागदावर पहिले नाव होते ते या आयझॅकचे. २०१९ साली विद्यार्थ्यांनी मतदान घेऊन, प्रत्येकाने दर सत्रास २७.२० डॉलर वंशजांच्या हितासाठी द्यावेत, असा कौल सुमारे दोन-तृतीयांश मतांनी दिला. विद्यापीठाने शुल्क लावले नाही. त्याऐवजी दरवर्षी सुमारे ४ लाख डॉलर उभारण्याचे ठरविले. २०२१ साली येशूसंघीयांनी वंशजांबरोबर स्थापन केलेल्या संस्थेसाठी १० कोटी डॉलर देण्याचा संकल्प जाहीर केला.

यावर घेतला जाणारा आक्षेप आम्हांला क्षुल्लक वाटत नाही. २७.२० डॉलर मागितले गेलेल्या विद्यार्थ्यांत कोणी कोरियाहून आलेल्या दुकानदाराची मुलगी असेल, कोणी पोलंडच्या खाणकामगाराचा पणतू असेल. त्यांच्या पूर्वजांनी एकाही गुलामाला विकले नाही. मग त्यांनी का द्यावे? आणि ज्यांच्या पूर्वजांनी विकले त्यांनी तरी का? यहेज्केल संदेष्ट्याने आंबट द्राक्षांची जुनी म्हण खोडून काढली आणि पुत्राने पित्याच्या पापाचे ओझे वाहू नये, असे निक्षून सांगितले. पाप व्यक्तीचे असते, कारण पापाला संमती लागते. जन्मापूर्वी घडलेल्या गोष्टीला कोणीही संमती देऊ शकत नाही. ही शिकवण सोडली, तर कुळावरून माणसाला दोषी ठरविण्याचा मार्ग मोकळा होतो. त्या मार्गाने जगात किती अनर्थ झाले आहेत, हे निराळे सांगावयास नको.

तेव्हा दोष वारसाहक्काने येत नाही, हे आम्ही मान्य करतो. परंतु वारसाहक्काने काहीच येत नाही काय? आपल्याकडे वडिलांचे घर मुलाच्या नावावर चढते तेव्हा त्या घरावरचे कर्जही त्याच्याकडे येते. कर्ज त्याने काढलेले नसते. त्यासाठी त्याला कोणी लबाड म्हणत नाही. पण घर ठेवून घ्यावे आणि कर्ज मात्र ओळखीचे नाही म्हणावे, हे कोणत्याही गावातील पंच मान्य करणार नाहीत. दोष आणि ऋण या दोन भिन्न वस्तू आहेत. पहिला मेलेल्या माणसाबरोबर देवाच्या न्यायासनापुढे जातो. दुसरे मागे राहते आणि जो कोणी त्या घरात राहतो त्याच्या दाराशी उभे असते. कोरियन दुकानदाराच्या मुलीने कोणाला विकले नाही हे खरे; पण ज्या विद्यापीठात ती शिकते ते त्या विक्रीच्या पैशावर तगले, हेही खरेच.

आमचा दुसरा मुद्दा अभिमानाचा आहे. अमेरिकन माणूस ४ जुलैला १७७६ च्या स्वातंत्र्याचा उत्सव करतो. त्या जाहीरनाम्यावर त्याने सही केलेली नसते. ज्याचे आजोबा १९२० साली इटलीहून बोटीने आले तोही 'आम्ही स्वातंत्र्य मिळविले' असेच म्हणतो, आणि त्यात कोणाला वावगे वाटत नाही. मग 'आम्ही माणसे विकली' हे वाक्य तेवढे त्याला परके का वाटावे? पूर्वजांच्या पराक्रमात 'आम्ही' आणि अपराधात 'ते' असा व्याकरणाचा सोयीस्कर बदल प्रामाणिक माणसाला शोभत नाही. ज्याला लाज नको असेल त्याने अभिमानही सोडावा; मग त्याच्याशी आमचे भांडण नाही. पण असा माणूस आम्हांला अद्याप भेटावयाचा आहे.

ऋण मान्य केले तरी ते किती आणि कोणाचे, हे ठरविणार कोण? येथे सामान्य माणसाच्या साक्षीचे मोल कळते. आर्थिक मंदीच्या काळात, १९३६ ते १९३८ दरम्यान, अमेरिकन सरकारने बेकार लेखकांना काम म्हणून अनेक राज्यांत पाठविले आणि एके काळी गुलाम असलेल्या वृद्धांच्या २,३०० हून अधिक आठवणी नोंदवून घेतल्या. त्यांत चार्ल्स्टन येथील सुसान हॅम्लिन या वृद्धेच्या दोन मुलाखती आहेत. पहिल्या वेळी एक गोरी बाई गेली. म्हातारीला ती सरकारी मदतीच्या कचेरीतून आली असावी असे वाटले. तिला तिने सांगितले की आपला मालक फार दयाळू होता. दुसऱ्या वेळी एक कृष्णवर्णीय गृहस्थ गेला. त्याच्यापाशी त्याच म्हातारीने चाबकाचे फटके सांगितले, आणि रात्री लग्न झालेल्या जोडप्यातील वधू सकाळी विकली गेल्याची हकीकत सांगितली. ती पहिल्या वेळी खोटे बोलली, असे म्हणावयास आमचे मन धजत नाही. जिच्या उद्याच्या भाकरीचा निर्णय समोरच्याच्या हाती आहे, ती आणखी काय सांगणार? सत्य सांगणाऱ्याइतकेच ते ऐकणाऱ्यावरही अवलंबून असते. दुबळ्याने निर्भयपणे बोलावे असे वाटत असेल, तर बलवानाने आधी आपले आसन थोडे खाली आणले पाहिजे.

याचे दुसरे उदाहरण जपानी वंशाच्या अमेरिकनांचे. १९४२ साली राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांच्या आदेशानंतर सुमारे १,२०,००० लोकांना घरदार सोडून काटेरी तारांच्या छावण्यांत राहावे लागले. त्यांतील सुमारे दोन-तृतीयांश अमेरिकेचे नागरिक होते. युद्ध संपल्यावर अनेक आईबापांनी मुलांजवळ या गोष्टीचा उच्चारही केला नाही. ज्यांच्यावर अन्याय झाला त्यांनीच लाज बाळगली. १९८१ साली सरकारी आयोगापुढे साडेसातशेहून अधिक साक्षी झाल्या. माळी, धोबी, शिक्षिका, शेतकरी चाळीस वर्षांचे मौन सोडून बोलले. १९८८ साली कायद्याने राष्ट्राच्या वतीने क्षमा मागितली गेली आणि हयात असलेल्या प्रत्येकास २०,००० डॉलर देण्याचे ठरले. सुमारे ८२,००० जणांना ते मिळाले. गमावलेल्या शेतांची ती किंमत नव्हे. पण 'तुमच्या बाबतीत देश चुकला' हे वाक्य राष्ट्राच्या तोंडून ऐकण्याची किंमत ज्याने ते ऐकले त्यालाच विचारावी.

आपल्यापैकी अनेकांचा या देशाशी आता रक्ताचा संबंध आला आहे. वसईपासून गोव्यापर्यंत कितीतरी घरांतील मुले-मुली तेथे स्थायिक झाली आहेत. १९२३ साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने भगतसिंग थिंड यांच्या खटल्यात भारतीयांना नागरिकत्व नाकारले होते. १९४६ साली दार किंचित उघडले. वर्षाला अवघे १०० जण. ते खऱ्या अर्थाने उघडले १९६५ च्या कायद्याने, आणि तो कायदा ज्या वातावरणात संमत झाला ते कृष्णवर्णीयांच्या नागरी हक्कांच्या लढ्याने तयार केले होते. 'आम्ही तर काल आलो, गुलामगिरीशी आमचा काय संबंध?' असे म्हणणाऱ्या आपल्या मुलांनी एवढे ध्यानात ठेवावे की ज्या दारातून ते आत गेले, ते उघडताना खांदा लावणाऱ्यांत विकल्या गेलेल्यांचे वंशज होते. त्यांच्याकडेही एक देणे आहे, आणि ते उपकाराचे आहे.

प्रायश्चित्ताच्या संस्काराने आपल्याला तीन पायऱ्या शिकविल्या आहेत : पश्चात्ताप, पापनिवेदन आणि भरपाई. तिसरी पायरी गाळली, तर पहिल्या दोन केवळ भावनेच्या राहतात. जक्कयाने येशूचे आपल्या घरी आनंदाने स्वागत केले तेवढ्यावर तो थांबला नाही. ज्यांचे घेतले त्यांचे चौपट परत करीन, असे तो म्हणाला. जॉर्जटाउनचे देणे फिटले असे आम्ही म्हणणार नाही. मातेपासून तुटलेल्या मुलाची भरपाई कोणत्याच चलनात होत नाही, आणि किती दिले म्हणजे पुरे, यावर वंशजांतही एकमत नाही. परंतु न फिटणारे ऋण नाकारावे असा काही नियम नाही. आईबापांचे ऋण फिटत नाही, हे आपण लहानपणापासून ऐकतो, आणि म्हणूनच ते आयुष्यभर फेडीत राहतो. राष्ट्राचेही तसेच असावे. ज्या नागरिकाला आपल्या इतिहासाचे पुण्य आणि पाप या दोहोंपुढे उभे राहून 'आम्ही' म्हणता येते, त्याचेच देशप्रेम आम्हांला विश्वासार्ह वाटते. मग तो देश अमेरिका असो की आणखी कोणता.