नजरबंदी करणाऱ्याचं देणं

आमचं गाव इंदापूर तालुक्यात, उजनीच्या फुगवट्याच्या कडेला. मोठ्या खरेदीला मात्र बारामती. लहानपणी तिथल्या बाजारात एका गारुड्यानं माझ्याच वयाच्या पोराला टोपलीत बसवलं, वर चादर टाकली आणि तलवार आरपार खुपसली. बाहेर काढली तेव्हा तिला लाल लागलेलं. मी भोकाड पसरलं. लोक हसले, पण गारुडी खेळ अर्धवट टाकून माझ्याजवळ आला, मला टोपलीपाशी नेऊन चादरीचा कोपरा उचलला आणि हळूच म्हणाला, "बघ, हाय का न्हाय जित्ता? नजरबंदी हाय ही, पोरा." आतलं पोरगं दात काढत होतं. माझ्यापायी त्याचे त्या दिवशीचे चार पैसे बुडाले असणार. हे आता कळतं. तेव्हा फक्त रडू थांबलं.

नजरबंदी हा शब्द मला प्रामाणिक वाटतो. वस्तूला काही केल्याचा दावाच त्यात नाही. पोरगं मेलं नाही, बघणाऱ्याची नजर तेवढी बांधली. मग ती बांधणाऱ्याकडे देणं किती लागतं? जग तर होतं तिथंच आहे.

योगवासिष्ठात लवण राजाची गोष्ट आहे. भर दरबारात एक जादूगार मोरपिसांचा कुंचा फिरवतो आणि राजाला घोडा दिसतो. त्यावर बसून राजा रानात भरकटतो, भुकेनं कासावीस होतो. एक चांडाळकन्या त्याला अन्न देते, पण लग्नाच्या अटीवर. मग संसार, मुलंबाळं, म्हातारपण, दुष्काळ. धाकटं पोर भुकेनं मांस मागतं तेव्हा आपलंच मांस त्याला मिळावं म्हणून बाप आगीत शिरतो, आणि दरबारात जागा होतो. दरबाऱ्यांच्या लेखी काही घटकाच गेलेल्या. (चांडाळ होणं म्हणजेच अधोगती, हे गोष्टीनं गृहीत धरलंय. ते खटकतंच.)

'सगळा भास होता' इथं गोष्ट संपली असती तर मी ती विसरलोही असतो. पण राजा दुसऱ्या दिवशी ते रान शोधायला निघतो, आणि ते सापडतं. तीच वस्ती, तोच दुष्काळ, आणि लेक, जावई, नातवंडांसाठी आक्रोश करणारी म्हातारी सासू. जादूगार केव्हाच अंतर्धान पावलेला. वेदान्ती याचा अर्थ 'जगही मनच' असा काढतात. माझ्या डोक्यातून मात्र ती म्हातारी जात नाही. भास राजाला झाला, मग ही का रडतेय?

आमच्या घरी अशी गोष्ट एका लिंबावरून घडली. थोरल्या काकीचं डोकं महिनोन्महिने दुखायचं. कुणीतरी एक बुवा आणला. त्यानं लिंबू उतरवलं, सुरीनं कापलं, रस लालभडक निघाला. घरातल्याच बाईनं करणी केलीय म्हणाला. घरात बाया दोनच, काकी आणि माझी आई. त्या संध्याकाळी काकीचं डोकं खरोखर थांबलं. महिन्याभरात चुली वेगळ्या झाल्या. अकरा वर्षं दोघी जावा एका बांधाच्या दोन बाजूंना खुरपत राहिल्या, बोलल्या नाहीत.

अमुक माणूस करणी करतो असं जाहीर करणं आता गुन्हा आहे. तो कायदा २०१३ चा, डॉ. नरेंद्र दाभोलकरांच्या खुनानंतर आलेला. आमचा बुवा त्याच्या कितीतरी आधीचा.

कॉलेजात असताना अंनिसच्या कार्यक्रमात ती युक्ती पाहिली. जास्वंदीचं फूल सुरीला चोळून वाळू द्यायचं. लिंबाचा आंबट रस लागला की लाल होतो. बस्, एवढंच. सुट्टीत घरी आलो, अंगणात सगळ्यांना गोळा केलं आणि काकीसमोर लिंबू कापलं. चुलते, पोरं, शेजारी, सगळे बघत होते. मी जिंकलो होतो.

काकी बराच वेळ त्या फोडींकडे बघत राहिली. मग म्हणाली, "तुजं खरं आसंल. पन माजं डोस्कं त्या दिशी थांबलं व्हतं, ते कुणी थांबवलं?" मला उत्तर देता आलं नाही. तिचं दुखणं खरं होतं, थांबणंही खरं होतं. आणि ज्या बाईला तिनं अकरा वर्षं वैरीण मानलं, ती समोरच्या ओसरीवर तांदूळ निवडत होती. आई एवढंच म्हणाली, "मला इचारायचं व्हतं. लिंबाला काय इचारायचं?"

त्या रात्री काकीचं डोकं पुन्हा दुखायला लागलं.

बुवानं चादरीचा कोपरा कधी उचलला नाही, हा त्याचा गुन्हा. पण मी तो उचलला तो कुणासाठी? गारुडी खेळ सोडून माझ्याजवळ आला होता. मी मात्र काकीची नजर सोडवायचाच खेळ मांडला. तिला एकटीला माजघरात बसवून सांगता आलं असतं. तेव्हा सुचलं नाही, की सुचूनही नको वाटलं, याचा अजून निकाल लागत नाही.

आईनं सुंठ उगाळली, अंगण ओलांडून गेली आणि काकीच्या कपाळाला लेप लावून परत आली. दोघी काही बोलल्या नाहीत. नीट बोलणं सुरू व्हायला पुढचा अख्खा पावसाळा गेला.