बोलिव्हियाचा समुद्र

दर वर्षी 23 मार्चला बोलिव्हियातल्या ला पाझ शहरात नौदलाचं संचलन निघतं. पांढऱ्या गणवेशातले खलाशी, शाळांची मुलं, बँड, पुष्पचक्रं, भाषणं, सगळं साग्रसंगीत. शहर समुद्रसपाटीपासून साडेतीन हजार मीटरहून उंचावर आणि देशाला किनारा बोटभरही नाही. नौदल सराव करतं ते तितिकाका सरोवरात आणि नद्यांमध्ये. या दिवसाचं नाव आहे समुद्र दिन.

पहिल्यांदा वाचलं की हसू येतं. पण गेलेली गोष्ट इतकी वर्षं, इतक्या शिस्तीनं आठवत राहणारा देश साधा नसतो.

ती गेली कशी, हे बघायला स्पेनच्या काळात जावं लागतं. एकोणिसाव्या शतकात स्पेनची सत्ता उखडली, तेव्हा नव्या प्रजासत्ताकांनी एक सोयीचा मार्ग धरला. स्पॅनिश कारभाराच्या ज्या हद्दी 1810 साली होत्या, त्याच आपल्या सीमा मानायच्या. कागदावर हे छान होतं. पण बोलिव्हिया आणि चिली यांच्यामधल्या आताकामाच्या वाळवंटात ती हद्द नेमकी कुठून जाते, हे कधी कोणी मोजलंच नव्हतं. मोजायचं तरी कशाला? वर्षानुवर्षं पावसाचा थेंब नाही, वस्ती तुरळक, ती आताकामेनो लोकांची आणि किनाऱ्यावरच्या कोळ्यांची. त्यांना स्पेननं विचारलं नव्हतं, पुढे कोणी विचारलं नाही. पडीक रानाचा बांध कोणी मोजत नाही. त्यात विहिरीला पाणी लागलं की मग भाऊबंदकी सुरू होते. इथं पाण्याच्या जागी आधी समुद्रपक्ष्यांची विष्ठा निघाली आणि मग सोरा. युरोपच्या शेतांना खत आणि तोफांना दारू, दोन्ही यातूनच मिळत होतं.

मग या दोन देशांत करार झाले, 1866 चा आणि 1874 चा. चोविसावा अक्षांश ही सीमा ठरली. तिच्या उत्तरेला बोलिव्हियाच्या हद्दीत सोरा काढणाऱ्या चिलीच्या कंपन्यांवर पंचवीस वर्षं नवा कर लावायचा नाही, असंही ठरलं. चार वर्षांत बोलिव्हियानं क्विंटलमागे 10 सेंताव्होंचा कर बसवला. चिली आणि इंग्रजांचं भांडवल असलेल्या, अंतोफागास्ता बंदरातल्या कंपनीनं तो नाकारला. बोलिव्हियानं मालमत्तेवर जप्ती आणून लिलाव पुकारला आणि लिलावाच्याच दिवशी, 14 फेब्रुवारी 1879 ला, चिलीचं सैन्य बंदरात उतरलं. शहरात राहणारे बहुसंख्य लोक चिलीचेच होते, त्यामुळे विरोध असा झालाच नाही.

त्या वेळचे राष्ट्राध्यक्ष इलारिओन दासा यांना बातमी कळली होती, पण कार्निव्हल चालू होता म्हणून त्यांनी ती दाबून ठेवली, असं बोलिव्हियात सांगतात. मला ही गोष्ट जरा जास्तच नेटकी वाटते. पराभवाचं खापर फोडायला एक डोकं मिळालं की बाकीची डोकी सुटतात.

23 मार्चला कालामा गावाजवळ मूठभर बोलिव्हियन लोकांनी नदीच्या काठावर चिलीच्या फौजेला अडवलं. त्यात एदुआर्दो अबारोआ हा साधा नागरिक होता. शरण ये म्हटल्यावर, ‘शरण जायला तुमच्या आजीला सांगा’, असं तो शिवी हासडून म्हणाला आणि तिथंच मारला गेला, ही कथा तिथल्या लहान पोरालाही पाठ असते. ला पाझमधल्या एका चौकाला त्याचं नाव आहे. पुढच्या वर्षी ताक्नाच्या लढाईत बोलिव्हियाचा निकाल लागला. त्याच्या बाजूनं उतरलेल्या पेरूनं तर राजधानी लीमाही गमावली. 1904 च्या तहानं बोलिव्हियानं सुमारे 400 किलोमीटरचा किनारा कायमचा सोडला. बदल्यात चिलीनं आरिका ते ला पाझ रेल्वे बांधून दिली आणि बंदरातून मालाची मोकळी ये-जा मान्य केली.

कायद्यानं पाहिलं तर बोलिव्हियाची बाजू लंगडीच होती. कर लावून करार त्यानंच मोडला होता आणि तहावर सहीही त्यानंच केली होती, युद्धविरामानंतर वीस वर्षांनी. 2013 साली बोलिव्हिया हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात गेला. सुनावणी जवळ आली तेव्हा, मार्च 2018 मध्ये, लोकांनी महामार्गावर जवळजवळ 200 किलोमीटर लांबीचा निळा झेंडा धरला. 1 ऑक्टोबरला निकाल आला. वाटाघाटी करायला चिली बांधील नाही, असं 12 विरुद्ध 3 न्यायाधीशांनी सांगितलं. पुढच्या मार्चमध्ये संचलन नेहमीसारखंच निघालं.

मला अडकवून ठेवतो तो वेगळाच प्रश्न. बोलिव्हियानं याहून मोठे प्रदेश गमावले आहेत. रबराच्या जंगलांचा आक्रे प्रांत 1903 मध्ये ब्राझीलकडे गेला. चाकोचा बहुतेक भाग 1932 ते 1935 च्या भीषण युद्धानंतर पॅराग्वेकडे गेला. त्यांच्यासाठी इतका गाजावाजा होत नाही. समुद्राचंच दुःख एवढं ताजं का? कारण त्यातून गरिबीचं उत्तर मिळतं. बंदर नाही म्हणून व्यापार नाही, व्यापार नाही म्हणून दारिद्र्य. खुर्ची डळमळू लागली की तिथले राष्ट्राध्यक्ष समुद्राची आठवण काढतात, आणि टाळ्या पडतात.

हे उत्तर खोटं नाही, पण अपुरं आहे. समुद्राची वाट उघडी होती त्या काळाकडे बघा. 1545 मध्ये पोतोसीच्या डोंगरात चांदी सापडली. व्हाइसरॉय तोलेदो यानं 1570 च्या दशकात ‘मिता’ नावाची वेठ बसवली. ठरलेल्या प्रांतांतल्या सातांपैकी एका पुरुषानं पाळीपाळीनं खाणीत राबायचं. अकोस्ता नावाच्या पाद्र्यानं ते काम लिहून ठेवलं आहे. पिळलेल्या कातड्याच्या शिड्या, पाठीवर घोंगडीत बांधलेला पंचवीसेक किलोचा धोंडा, अंगठ्याला बांधलेली मेणबत्ती, आणि वर, वर, वर चढत जायचं. बाहेर आलेली चांदी लामांच्या तांड्यांवर लादून आरिकाच्या बंदरात उतरायची, तिथून जहाजानं पनामाकडे आणि पुढे सेव्हिलला. आज जे आरिका चिलीकडे आहे, तेच. म्हणजे हा मुलूख शतकानुशतकं समुद्राला जोडलेला होता, आणि त्याच वाटेनं रिकामा होत होता. बंदर चांदीसाठी होतं. चांदी ज्यांच्या पाठीवरून वर यायची, त्यांच्यासाठी नव्हतं.

तिथल्या लोकांना हे कळत नाही असं समजू नये. 2003 मध्ये सरकारनं देशातला नैसर्गिक वायू चिलीच्या बंदरातून जहाजांनी मेक्सिको आणि अमेरिकेला विकायचा घाट घातला. ला पाझच्या वरच्या पठारावर एल आल्तो हे आयमारा लोकांचं शहर आहे. त्यांनी रस्ते अडवले. इंधनाचे टँकर सैन्याच्या पहाऱ्यात बाहेर काढताना गोळीबार झाला. त्या आंदोलनात 60 हून अधिक माणसं गेली. राष्ट्राध्यक्ष गोन्सालो सांचेस दे लोसादा यांनी 17 ऑक्टोबरला राजीनामा दिला आणि देश सोडला. चिलीवरचा जुना राग त्यात होता, नाही असं नाही. पण त्यापेक्षा मोठी भीती होती ती दुसऱ्या पोतोसीची.

पुढच्या जुलैत सार्वमत झालं. मतपत्रिकेवर पाच प्रश्न होते. वायूची मालकी पुन्हा सरकारकडे घ्यायची का, यावर 90 टक्क्यांहून जास्त लोक हो म्हणाले. वायूचा हुकमी पत्ता वापरून समुद्र परत मिळवायचा का, हाही एक प्रश्न होता. त्याला निम्म्याहून थोडी जास्त मतं पडली.