पाणी कोणी अडवलं?

चौदा एप्रिल जवळ आला की शाळाशाळांतून बाबासाहेबांच्या लहानपणाची गोष्ट सांगितली जाते. साताऱ्याच्या शाळेत लहानगा भिवा घरून आणलेल्या गोणपाटावर इतर मुलांपासून दूर बसायचा. ते गोणपाट संध्याकाळी घरी न्यावं लागे, कारण शाळा झाडणारा नोकर त्याला हात लावत नसे. तहान लागली तर नळाला शिवायचं नाही, शिपाई तोटी सोडेल तेव्हाच पाणी. शिपाई जागेवर नसला तर तसंच तहानलेलं राहायचं. इथपर्यंत वर्ग गप्प असतो. मग बाई किंवा गुरुजी सांगतात, 'पण ते खचले नाहीत. खूप शिकले, मोठे झाले. तुम्हीही खूप अभ्यास करा.' मुलं टाळ्या वाजवतात आणि गोष्ट संपते.

माझी तक्रार या शेवटाबद्दल आहे. त्यात खोटं काही नाही, पण त्यामुळे पाण्याची गोष्ट अभ्यासाची होऊन बसते. तो नियम कोणी केला होता? मास्तरांना तो कसा चालला? बाकीची मुलं रोज हे बघत असताना काय करत होती? यातलं काहीच मुलांच्या हाती लागत नाही. हाती लागतं ते एवढंच की अन्याय म्हणजे हुशार मुलांनी ओलांडून जायची अडचण. त्याच शाळेत एखादा बेताच्या बुद्धीचा मुलगा गोणपाटावर बसला असता, तर त्याच्या तहानेचं काय, हा प्रश्न उरतच नाही. आणि खरं तर सगळ्यात महत्त्वाचा प्रश्न तोच आहे.

तीन ते आठ वर्षांच्या मुलांना चित्रपुस्तकांतून आणि गोष्टींच्या तासांतून सामाजिक न्यायाची ओळख करून द्यावी, असं मी ठामपणे म्हणते. 'एवढ्या लहान वयात कशाला हे सगळं?' असं लोक विचारतात. पण हे सगळं मुलांना आधीच माहीत असतं. घरी कामाला येणाऱ्या मावशींचा कप ओट्याच्या कोपऱ्यात वेगळा ठेवलेला असतो, हे तीन वर्षांच्या मुलाला कोणी शिकवत नाही. ते बघतं. खुर्चीवर कोण बसतं, जमिनीवर कोण बसतं, कोणाला 'अगं' म्हणायचं आणि कोणाला 'अहो', हे ते शाळेत जायच्या आधीच शिकलेलं असतं. आपण गप्प राहिलो की त्या शिकवणीवर आपला शिक्का बसतो.

न्यायाची भाषाही मुलांकडे असते. रडीचा डाव कोण खेळतं आणि राज्य कोणावर यायला हवं, यावर मैदानात जेवढा काथ्याकूट होतो तेवढा क्वचितच कुठे होत असेल. तिथे मला सगळ्यात विलक्षण वाटतो तो कच्चा लिंबू. धाकटं भावंड मागे लागलंय, त्याला पळता येत नाही, आणि त्याला घरीही पाठवायचं नाही. मग मुलं आपल्या मनानं नियम बदलतात: हा खेळेल, पण बाद झाला तरी त्याच्यावर राज्य नाही. दुबळ्याला सामावून घ्यायचं तर नियमाला हात घालावा लागतो, हे मुलांना कोणत्याही पुस्तकाविना सुचलेलं आहे. आणि याच व्यवस्थेतलं दुखणंही मुलांना ठाऊक असतं. काही महिन्यांनी तोच धाकटा हट्ट धरतो की मला कच्चा लिंबू नको, माझ्यावरही राज्य येऊ दे. खेळात घेतलं म्हणजे खेळात धरलं असं होत नाही, हे पाचव्या वर्षी त्याला कळलेलं असतं.

मुलांच्या या जाणिवेशी आपल्या गोष्टी बहुतेक वेळा बोलतच नाहीत. त्या दयेशी बोलतात. गरीब मुलाला जुना स्वेटर द्या, आंधळ्या आजोबांना रस्ता ओलांडून द्या, डब्यातली पोळी वाटून खा. हे सगळं चांगलंच आहे. पण अशा गोष्टीत देणारं मूल नायक असतं आणि घेणारं मूल त्याच्या चांगुलपणाचं निमित्त. त्या मुलाकडे स्वेटर का नाही, हे गोष्ट विचारत नाही.

'श्यामची आई' हे दयेच्या परंपरेतलं मराठीतलं सर्वांत थोर पुस्तक. साने गुरुजींनी ते १९३३ साली नाशिकच्या तुरुंगात लिहिलं. त्यात एका म्हाताऱ्या महार बाईच्या डोक्यावरची मोळी पडते आणि ती उचलून द्यायला कोणी पुढे होत नाही. आई श्यामला पाठवते. लोक काही बोलले तर घरी जाऊन आंघोळ करीन म्हणून सांग, असंही बजावते. त्या काळच्या कोकणातल्या ब्राह्मण घरातल्या बाईनं एवढं करणं फार मोठं होतं. तरीही गोष्टीत ती आंघोळ शिल्लक राहते. मोळी उचलली गेली, विटाळाचा नियम जागच्या जागी राहिला. हीच गोष्ट आजच्या मुलाला सांगायची तर आंघोळीपाशी थांबून विचारावं लागेल, 'आंघोळ कशाला?' गुरुजींनी स्वतः तो प्रश्न टाळला नाही, हे आपण मुलांना सांगत नाही. त्याच गुरुजींनी मे १९४७ मध्ये पंढरपूरचं विठ्ठल मंदिर हरिजनांना खुलं व्हावं म्हणून प्राणांतिक उपोषण केलं. मोळीपासून मंदिराच्या दारापर्यंतचा हा प्रवास एकाच माणसाच्या आयुष्यात घडला. मुलांपर्यंत मात्र मोळीच पोचते.

महाश्वेता देवींच्या 'द व्हाय-व्हाय गर्ल' या चित्रपुस्तकातली मोयना मला म्हणूनच जवळची वाटते. तूलिका प्रकाशनानं काढलेल्या या पुस्तकातली ही शबर मुलगी बाबूंची बकरी राखते आणि सतत 'का?' विचारते. बाबूंच्या घरचं उरलंसुरलं मी का खायचं? पाणी आणायला एवढ्या लांब मीच का जायचं? तिची कोणी कीव करत नाही, ती कोणाला करूही देत नाही. शाळेची वेळ तिला जमत नाही, कारण सकाळी बकऱ्या चरायला न्यायच्या असतात. तेव्हा ती बाईंनाच विचारते, मग शाळेची वेळ का बदलत नाही? चार-पाच वर्षांच्या मुलांना हा प्रसंग वाचून दाखवला की ती हसतात, कारण बाईंना असं विचारता येतं हेच त्यांना नवं असतं. आपल्याकडे कोसबाडच्या टेकडीवर ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी नेमकं हेच केलं होतं. गुरं राखणारी वारली मुलं शाळेत येईनात, तेव्हा त्यांनी शाळाच कुरणात नेली. मूल बदलायचं की शाळा, या प्रश्नाला त्यांनी दिलेलं ते उत्तर होतं. पालघरच्या त्या कुरणशाळेचं चित्रपुस्तक अजून माझ्या तरी पाहण्यात आलेलं नाही.

सगळीच चांगल्या हेतूची पुस्तकं इतकी नीट उतरत नाहीत. झाई व्हिटेकर यांचं 'काली अँड द रॅट स्नेक' मला आवडतं, आणि ते वाचताना दर वेळी एक सलही राहतो. काली इरुळा जमातीचा. त्याचे वडील साप पकडतात, त्याच्या डब्यात तळलेली वाळवी असते, वर्गात त्याला मित्र नाही. मग एक दिवस वर्गात धामण शिरते, सगळे घाबरतात, काली ती शांतपणे पकडतो आणि क्षणात लाडका होतो. पण साप आलाच नसता तर? वेगळ्या मुलानं आधी पराक्रम गाजवावा, मग आपण त्याला जवळ घेऊ, ही अट त्या शेवटात दडलेली आहे. मी ते पुस्तक बाजूला ठेवत नाही. पान मिटल्यावर मुलांना एवढंच विचारते, 'कालीला साप पकडता आला नसता तर तुम्ही त्याच्या शेजारी बसला असता का?' पुष्कळदा उत्तर येत नाही, आणि ते आलंच पाहिजे असा माझा आग्रह नसतो.

चित्रपुस्तक स्वतःहून काही शिकवत नाही, ते वाचणाऱ्याच्या आवाजातून आणि थांबण्यातून पोचतं. वस्तीतल्या एका वाचनालयात पहिली-दुसरीच्या मुलांना मी भिवाची गोष्ट सांगत होते. शिपाई रजेवर आहे, नळ समोर आहे, तहान लागली आहे. इथे थांबले. पहिला उपाय लगेच आला: घरून बाटली आणायची. दुसरा म्हणाला, शिपाई दुसरा ठेवायचा. तिसऱ्याला रात्री कुंपणावरून उडी मारून पाणी पिण्याची युक्ती सुचली. मग मागे बसलेली एक मुलगी म्हणाली, 'बाकीच्यांनी सोडायची ना तोटी, त्यांना तर चालत होतं.' लगेच शेजारचा म्हणाला, 'त्यांना पण मार बसला असता.' थोडा वेळ कुजबुज झाली आणि कोणीतरी विचारलं, 'सगळ्यांनी मिळून सोडली तर?'

इथून महाड फार लांब नाही. २० मार्च १९२७ ला बाबासाहेबांनी हजारो लोकांसह चवदार तळ्याचं पाणी प्यायलं, हा त्या गोष्टीचा खरा शेवट. अभ्यास करून मोठं झालेल्या मुलानं त्या शिक्षणाचं काय केलं, हे त्यातून दिसतं. मुंबई विधिमंडळाच्या बोले ठरावानं सार्वजनिक पाणवठे १९२३ मध्येच कागदावर खुले केले होते, आणि तळ्याचा न्यायालयीन निकाल लागायला १९३७ उजाडलं. हे तपशील लहान मुलांना नकोत. पण सांगणाऱ्याला ठाऊक हवेत, म्हणजे 'मग सगळं नीट झालं' असं तो घाईनं म्हणून टाकणार नाही.

चित्रांचं बळ काय असतं ते बाबासाहेबांची गोष्ट सांगणाऱ्या, दुर्गाबाई आणि सुभाष व्याम यांच्या 'भीमायन'मध्ये दिसतं. नवयाननं २०११ साली काढलेलं हे पुस्तक मोठ्या मुलांचं आहे, पण त्यातली पानं मी लहानांसमोरही उघडते. या परधान गोंड चित्रकारांनी माणसांना चौकटीत कोंडायला नकार दिला, म्हणून चित्रं पानभर मोकळी पसरतात. चांगलं बोलणाऱ्यांचे शब्द पाखरांच्या आकाराच्या फुग्यात आहेत, विटाळाचं बोलणाऱ्यांच्या फुग्याला विंचवाची नांगी आहे. अक्षरओळख नसलेलं मूलही पानावर बोट ठेवून सांगतं की हा माणूस चावरं बोलतोय. शब्दांनीही इजा होते, हे समजवायला मला वेगळं काही बोलावं लागत नाही.

गोष्ट सांगताना सगळ्यात जपायला हवं ते समोर बसलेल्या मुलांना. शिक्षण हक्क कायद्याच्या पंचवीस टक्के जागांवर आलेलं मूल त्याच रिंगणात बसलेलं असतं. ज्याच्या घरी अजून पाण्यासाठी बोलणी खावी लागतात, असंही कोणी असेल. अशा वेळी 'आपल्या वर्गात असं कोणाच्या बाबतीत होतं?' हा प्रश्न विचारणं क्रूरपणा आहे. चांगल्या हेतूनं तो विचारणारे शिक्षक मी पाहिलेत, आणि खाली गेलेल्या मानाही पाहिल्यात. त्या मुलाला स्वतःचं दुःख वर्गासाठी उदाहरण म्हणून मांडायला लावायचं नसतं. आणि त्याच्या वाट्याला फक्त दुःखाच्याच गोष्टी आल्या तर तोही अन्यायच. हैदराबादच्या अन्वेषी या संस्थेनं २००८ मध्ये 'डिफरंट टेल्स' नावाची पुस्तकमाला काढली. तिच्यात मुस्लिम घरातल्या मुंडीच्या रश्शाची एक गोष्ट आहे, मोहम्मद खदीर बाबू यांची. त्या घरात मुंडीचा बेत म्हणजे मेजवानी. ज्या मुलाचा डबा वर्गात नाकं मुरडून पाहिला जातो, त्याला आपल्या घरचं जेवण पुस्तकात इतक्या चवीनं भेटणं ही केवढी गोष्ट आहे!

तक्रारी येतात. मूल घरी जाऊन कपाबद्दल विचारतं आणि आई फोन करून म्हणते, 'तुम्ही घरात भांडणं लावताय.' तिचा राग मला समजतो. मुलाच्या तोंडून आपल्या घराबद्दल असा प्रश्न ऐकणं सोपं नसतं. तरी मी तिला इतकंच सांगते की प्रश्न मुलाचा आहे, कपही तुमच्याच घरातला आहे, आणि मावशींना दुसऱ्या कपात चहा द्यायला पुस्तकाची गरज नाही.

खरी उणीव आहे ती मराठी पुस्तकांची. दया पवारांचं 'बलुतं' १९७८ चं, प्र. ई. सोनकांबळे यांचं 'आठवणींचे पक्षी' १९७९ चं, लक्ष्मण माने यांचं 'उपरा' १९८० चं. या आत्मकथनांमध्ये केवढं बालपण भरून राहिलं आहे! 'उपरा'तलं कैकाडी कुटुंब गाढवांवर बिऱ्हाड लादून गावोगाव फिरतं, कणग्या-टोपल्या विणतं, आणि अशा भटकंतीत बाप पोराला शाळेत घालतो. पाच वर्षांच्या मुलासमोर उघडून धरावं असं चित्रपुस्तक त्या एवढ्याशा प्रसंगातून होऊ शकतं: गाढव, टोपल्या, वाट, शाळेचं दार, बापाचं बोट. मराठीनं हे साहित्य मोठ्यांसाठी लिहिलं, गाजवलं, अभ्यासक्रमात लावलं. बालवाडीच्या फडताळात मात्र ते अजून उतरलेलं नाही. ते आता त्या घरांतल्या नव्या पिढीनं लिहावं, चित्रंही त्या वस्त्यांतल्या हातांनी काढावीत, आणि प्रकाशकांनी वाट न पाहता त्यांच्याकडे जाऊन ते मागावं.